काजळीचं डोहाळजेवण

रत्नाकाकू पिंजरकरांच्या हातात सांडशी असो, सुई असो की दुसऱ्याची चूक असो, पकड म्हणून सुटायची नाही. न्यू जर्सीतल्या वेस्ट विंडसरच्या मराठी मंडळात गणपतीच्या सामानाच्या यादीत कुणी ‘लिंबं, अंदाजे’ असं लिहिलेलं दिसलं की त्या फोन करून विचारायच्या, “अंदाजे म्हणजे किती?” मंडळातली निम्मी माणसं त्यांना घाबरायची, आणि कुत्रं जेवेनासं झालं, मांजर लंगडायला लागलं की तीच माणसं त्यांच्या दारात उभी असायची. कारण काकू गुरांच्या डॉक्टर होत्या. म्हणजे शिकल्या होत्या गुरांच्या डॉक्टर व्हायला. अमेरिकेत आल्यापासून मात्र, नुसता सल्ला सोडला तर, त्यांनी एकाही जित्या जनावराला औषध दिलं नव्हतं.

काकू मूर्तिजापूरच्या. वडील गुरांच्या सरकारी दवाखान्यात पट्टीबंधक. डॉक्टरसाहेब आठवड्यातून दोनदा उगवायचे, बाकीचे दिवस पंचक्रोशीतली गुरं वडीलच बघायचे. अडलेल्या गाईला मोठ्या माणसाचा हात जाड पडतो, म्हणून बाराव्या वर्षी रत्नाने पहिलं वासरू ओढून काढलं. घरी आल्यावर आईने तिला अंगणातच उभी करून चार बादल्या पाणी ओतलं आणि मग कुशीत घेतलं. पुढे नागपूरच्या व्हेटरनरी कॉलेजात चाळीस मुलांत दोन मुली होत्या, त्यांतली एक ही. पास झाल्यावर दारव्ह्याच्या दवाखान्यात दोन वर्षं नोकरी केली. बैल लाथा मारायचे, शेतकरी तिच्याच तोंडावर “डॉक्टर कुठं हायेत?” असं विचारायचे, आणि तरी ती दोन वर्षं आयुष्यातली सगळ्यात चांगली, असं काकू अजून सांगतात.

मग केमिकल इंजिनिअर उल्हास पिंजरकरांचं स्थळ आलं आणि काकू न्यू जर्सीत आल्या. इथे परदेशी डिग्रीवर जनावरांची डॉक्टरकी करायची तर परीक्षा द्यायच्या, शिवाय वर्षभर एखाद्या मोठ्या हॉस्पिटलात काम करून दाखवायचं. त्यात अमेय पोटात. आई आणि सासू दोघीही सातासमुद्रापलीकडे. डोहाळजेवण म्हणून उल्हासकाकांनी दुकानातून केक आणला आणि त्यावर आठवणीने हिरवी मेणबत्ती लावली. काकू हसल्या, आणि मग बाथरूममध्ये जाऊन रडल्या. परीक्षेचं ‘नंतर बघू’ झालं, नंतरचं ‘आता कुठे’ झालं, आणि एका औषध कंपनीच्या लॅबमध्ये मायक्रोस्कोपसमोर त्यांना खुर्ची मिळाली. काकूंपर्यंत यायचा तो प्राणी नव्हे, प्राण्याचा एक पातळ काप, काचेवर चिकटवलेला. अठ्ठावीस वर्षांत त्यांनी लाखभर उंदरांची यकृतं तपासली, पण एकाही उंदराशी तोंडओळख झाली नाही.

रिटायर झाल्यावर पुढच्याच उन्हाळ्यात अमेयने आईबाबांना व्हर्जिनियाच्या किनाऱ्यावर नेलं. तिथलं टिलर आयलंड म्हणजे वाळूची एक लांबट पट्टी. मुख्य जमिनीवरून एक अरुंद रस्ता पाण्यावरून जातो, तो जिथे संपतो तिथे पार्किंग लॉट, कॅम्पिंगची जागा, आणि त्यापलीकडे आठ मैल खारं गवत नि डास. उल्हासकाका डासांवर बोलत होते, अमेय फोनमध्ये होता, आणि काकू एकदम म्हणाल्या, “थांबा हो जरा.”

गवतात घोडे उभे होते. बुटके, आखूड पायांचे, खारं खाऊन पाणी ढोसल्यामुळे पोटं सुटलेले, आणि कपाळावरचे केस थेट डोळ्यांवर, शाळेला उशीर झालेल्या पोरांसारखे. या घोड्यांबद्दल बेटावर दोन गोष्टी सांगतात. बुडालेल्या जहाजातून पोहत आले, ही पाहुण्यांना सांगायची. कुंपणाचा कर चुकवायला जुन्या शेतकऱ्यांनी बेटावर सोडले आणि सोयीस्करपणे विसरले, ही खरी. काहीही असो, दोन-अडीचशे वर्षं कुणाचं दाणापाणी न खाता ते तिथे जगले होते, आणि तसले घोडे जगात दुसरीकडे कुठे नव्हते. त्या वर्षी तेवीस उरले होते.

ही सगळी माहिती काकूंना दिली वेंडेल बंडिकने. वेंडेल तिथलाच, चार पिढ्या खेकडे नि कालवं धरणाऱ्या घरातला. घोड्यांसाठी गावाने एक लहानसा ट्रस्ट काढला होता आणि पगार घेणारा त्यातला हा एकटा. ट्रस्टला दर महिन्याला घोडे मोजायला, त्यांची तब्येत लांबून बघून लिहून ठेवायला माणसं हवी होती. काकूंनी तिथल्या तिथे नाव लिहिलं. घरापासून साडेचार तासांचा रस्ता, आणि ड्राइव्ह करणार उल्हासकाका, त्यामुळे त्यांना विचारायचं राहूनच गेलं.

पुढची दहा-अकरा वर्षं महिन्याचा दुसरा शनिवार टिलर आयलंडचा. मंडळाचं हळदीकुंकू त्या दिवशी आला तर हळदीकुंकू पुढे जायचं. वेंडेलच्या वहीत घोड्यांना नुसते नंबर होते, ते काकूंना पटलं नाही. एका ऐटबाज घोड्याचं नाव त्यांनी पाटील ठेवलं. वेंडेल त्याला पटेल म्हणायचा, काकूंनी दोनदा सुधारलं आणि नाद सोडला. एकतीस नंबरची घोडी, जिच्या डोळ्यांभोवती काळी कड होती, ती काजळी. काजळी काकूंची विशेष लाडकी, कारण ती कुणालाच जवळ येऊ द्यायची नाही. मान वर करून अशी बघायची की माणसालाच आपलं काही चुकलं असं वाटावं.

बेटाचा नियम एकच: पन्नास फूट. घोड्यापासून पन्नास फुटांच्या आत जायचं नाही, हात लावायचा नाही, खायला द्यायचं नाही. हा नियम ट्रस्टचा, पण राबवला काकूंनी. दोरीवर गाठी मारून पन्नास फूट मोजून ठेवले होते. कुणी पोराच्या हातात सफरचंद देऊन पुढे ढकललं की काकू गवतातून प्रकट व्हायच्या. “एकदा हाताला लागला की तो घोडा मेला असं समजा,” त्या त्या लोकांना सांगायच्या. “मग तो रस्त्यावर येतो, गाडीखाली येतो, नाहीतर कचरा खाऊन मरतो. प्रेम येतंय ना? लांबून करा.” कॅम्पवाल्यांनी त्यांचं नावच ‘फिफ्टी फीट लेडी’ ठेवलं होतं, आणि काकूंना ते मनातून आवडायचं.

घोडे मात्र कमी होत गेले. एका वादळात समुद्र बेटावरून पलीकडे गेला आणि सहा घोडे घेऊन गेला. दोन वर्षांनी डासांचा ताप आला. म्हातारे होते ते म्हातारपणाने गेले, आणि इतक्या थोड्यांत आपसातच प्रजा झाल्यामुळे घोड्या गाभण राहीनाशा झाल्या. बाहेरचा घोडा आणून सोडावा का, यावर ट्रस्टच्या सभेत तीन वर्षं भांडण झालं. तो सोडला तर हे घोडे हे घोडे राहणार नाहीत, असं एक बाजू म्हणायची; नाही सोडला तर राहणारच नाहीत, असं दुसरी. भांडण संपेपर्यंत घोडे संपत आले. शेवटी उरले पाटील आणि काजळी. त्या जानेवारीत पाटीलही थंडीत आडवा झाला तो उठला नाही.

आणि मार्चमध्ये काकूंना काजळीच्या पोटाची ठेवण वेगळी दिसली. लांबूनच दिसली, पण बघणारे डोळे पट्टीबंधकाच्या मुलीचे होते. रक्त काढायला जवळ जाता येत नव्हतं, पण लिदीवरूनही समजतं. काकूंनी ताजी लीद डबीत भरली, ती डबी उल्हासकाकांनी श्रीखंडासाठी आणलेल्या आइसबॉक्समध्ये ठेवली आणि लॅबला पाठवली. रिपोर्ट आला. घोडी गाभण, जूनच्या सुमारास वेळ. वेंडेल फोनवर नुसता नाक ओढत राहिला. काकांनी तो आइसबॉक्स पुन्हा कधी वापरला नाही, पण त्या दिवशी पेढे त्यांनीच आणले.

डोहाळजेवणाची कल्पना रेखाची. रेखा काकूंची तीस वर्षांची मैत्रीण, उत्साह एवढा की त्याला कुंपण घालावं लागतं. “अगं, अख्ख्या जातीतली शेवटची बाई गरोदर आहे, आणि आपण नुसता रिपोर्ट वाचायचा? डोहाळजेवण तर पाहिजेच यार!” काकूंनी आधी झिडकारलं. मग म्हणाल्या, बघू. मग स्वतःच यादी करायला बसल्या, आणि त्या यादीत अंदाजे काही नव्हतं.

एप्रिलमधल्या एका शनिवारी दोन व्हॅन भरून बारा बायका टिलर आयलंडला आल्या. काकूंनी दोरी बांधली होती. दोरीच्या खांबाला हिरवा खण आणि नारळ. पलीकडे, चांगली साठ फुटांवर, काजळी चरत होती आणि अधूनमधून या मंडळींकडे मान वर करून बघत होती. अलीकडे चादरीवर मसालेभात, साखरभात, दहीभात आणि सात प्रकारच्या चटण्या. गाणी झाली. दोन झाकल्या वाट्या ठेवल्या: एकीत पेढा, म्हणजे मुलगा, दुसरीत बर्फी, म्हणजे मुलगी. आता शिंगरू नर झालं तरच पुढे काही आशा होती, मादी झाली तर जात तिथेच थांबणार होती. त्यामुळे जन्मभर मुलगा-मुलगी समान यावर भाषणं दिलेल्या बारा बायका डोळे मिटून पेढ्यासाठी देवाची आळवणी करत होत्या. सगळ्यांत धाकटी म्हणून हिमानीला, काकूंच्या सुनेला, वाटी उघडायला सांगितली. पेढा निघाला. ओरडा एवढा झाला की काजळी चार पावलं मागे सरली. वेंडेल दोरीजवळ पेपर प्लेट घेऊन उभा होता, त्याने साखरभात तीनदा घेतला.

रेखाने घोडीसाठी म्हणून डबीत गूळ-फुटाणे आणले होते. काकूंनी ते बघताक्षणी जप्त केले आणि जॅकेटच्या खिशात टाकले. “पन्नास फूट, रेखा.”

“एवढुसा गूळ गं. तिचंच तर जेवण आहे.”

“एवढुसा पण नाही.”

संध्याकाळी बायका सामान घेऊन पार्किंगकडे निघाल्या. काकू दोरी गुंडाळायला मागे राहिल्या. वाकून गाठी सोडवत होत्या, वर बघतात तर काजळी तीस फुटांवर. मग वीस. त्या घोडीने बारा वर्षांच्या आयुष्यात असं कधी केलं नव्हतं. पोटातल्या जिवामुळे असेल, एकटेपणामुळे असेल, किंवा खिशातल्या गुळाच्या वासामुळे असेल. काकूंनी मागे सरकायला हवं होतं. नियम त्यांचाच होता. पण पोट टेकू आलेली घोडी, आणि तिचं जेवण तिच्याविना उरकलेलं. गरोदर बाईला उपाशी पाठवणं काकूंना जमलं नाही. त्यांनी डबी उघडून सुपारीएवढा गुळाचा खडा काढला आणि पंजा उताणा केला.

“ये वं माय,” त्या म्हणाल्या.

तिचे ओठ ऊबदार आणि आश्चर्य वाटावं इतके मऊ होते. खडा गेला, मग जिभेने तळवा पुसून घेतला. काकूंचा दुसरा हात आपोआप वर गेला आणि काजळीच्या मानेवर टेकला. दारव्हा सोडल्यापासून त्या हाताखाली एवढं मोठं जिवंत काही आलं नव्हतं. काकू ढसाढसा रडल्या आणि त्यांना अतोनात सुख झालं. मग डोळे पुसून त्या गाडीत येऊन बसल्या. उल्हासकाकांनी विचारलं, “झालं?” त्या म्हणाल्या, “झालं.”

सुपारीएवढ्या गुळाने घोडी आजारी पडत नाही, हे डॉक्टर म्हणून त्यांना पक्कं ठाऊक होतं. पण त्या गुळाबरोबर काजळीला एक गोष्ट शिकवली गेली होती, आणि तीच गोष्ट होऊ नये म्हणून काकू इतकी वर्षं दोरी घेऊन उभ्या होत्या.

दोन आठवड्यांनी वेंडेलचा फोन आला. एकतीस नंबर विचित्र वागतेय, मिस रत्ना. पार्किंगमध्ये येते. माणसांच्या हातात तोंड घालते. काकू दुसऱ्याच दिवशी पोचल्या. काजळीने त्यांना ओळखलं आणि सरळ चालत आली. काकूंनी ताटली वाजवली, ओरडल्या, शेवटी शिंपले उचलून तिच्या पायांपाशी फेकले. ती जरा थबकायची आणि पुन्हा यायची, हात हुंगायला. काकू वाळूत मटकन बसल्या. वेंडेलला वाटलं, गुडघे दुखतायत.

मेअखेरच्या लाँग वीकेंडला कॅम्प भरला. वेंडेलचा चुलतभाऊ कर्टिस नातवंडांना घेऊन आला होता. त्याच्या पिकअपमध्ये मागे मक्याच्या दाण्यांचं पोतं होतं, घरच्या कोंबड्यांसाठी घेतलेलं, आणि तो ते झाकायला विसरला. काजळी गाडीपाशी गेली, जशी ती आता कुठल्याही गाडीपाशी जायची, आणि अर्धं पोतं संपवलं. इतका मका एकदम पोटात गेला की घोड्याच्या खुरांना आतून सूज येते. दुसऱ्या दिवशी तिचे खूर तापले, तिला उभं राहवेना. तिसऱ्या दिवशी शिंगरू पडलं. ट्रस्टची तरुण व्हेट आली होती, पण तिचे हात काजळीला सलाइन लावण्यात गुंतलेले, म्हणून शिंगराला काकूंनी घेतलं. नाकातोंडातला चिकटा काढला, छाती चोळली, पाय धरून उलटं केलं, पुन्हा चोळलं. व्हेट म्हणाली, इट्स गॉन. काकू चोळतच राहिल्या. नर होता.

वेंडेल पार्किंगमध्ये सगळ्यांसमोर कर्टिसला बोल बोल बोलला. दोनशे वर्षांचं वाटोळं तुझ्या एका पोत्याने केलं, असं म्हणाला. कर्टिस टोपी हातात धरून उभा होता, त्याची नातवंडं रडत होती. रत्नाकाकू तिथेच होत्या, चार हातांवर. एका वाक्याचं काम होतं. दुसऱ्याची चूक चिमट्यात धरून उन्हात नेणाऱ्या बाईच्या तोंडून ते एक वाक्य निघालं नाही.

परतीच्या रस्त्यावर काकूंनी डेलावेअर संपू दिलं. मग म्हणाल्या, “अहो, मी तिला गूळ दिला होता.”

“माहितेय,” उल्हासकाका म्हणाले. “आरशातून दिसलं होतं.”

“मग बोलला का नाहीत?”

काकांनी लेन बदलली. “लग्नानंतर तुला इतकी खूश कधी बघितली नव्हती. आता हे काय बोलायचं!”

काकूंना त्यांचा राग आला, आणि त्या रागाखाली दुसरं काही आलं, ज्याला त्यांनी वाट दिली नाही. पुढच्या सिग्नलला त्यांनी काकांना पाण्याची बाटली उघडून दिली.

काजळी जगली. तीन महिने दोरखंड, सुया, पायांना पट्ट्या असे हाल काढून जगली, पण पुन्हा गाभण राहण्यासारखी उरली नाही. मोकळी सोडल्याबरोबर लंगडत बेटाच्या उत्तर टोकाला गेली आणि माणूस दिसला की पळायला लागली. कर्टिस बेटावर यायचा बंद झाला. त्याचं नाव वेंडेलसमोर कुणी काढायचं नाही. काकू मात्र दर महिन्याला यायच्या. वेंडेलने म्हटलंही, एकच तर आहे, मिस रत्ना, मी सांगेन तुम्हाला फोनवर. काकू म्हणाल्या, “एक असली म्हणून काय झालं?” दुर्बीण लावून तास तास बघायच्या. घोडा कळपाचं जनावर, एकटं राहायला शिकलेलंच नसतं. काजळी हरणांच्या जवळ जाऊन उभी राहायची, हरणं पुढे सरकली की तीही सरकायची. ते बघवत नसे. चोराच्या मनात चांदणं म्हणतात, काकूंना ते तीन वर्षं भर दुपारी पडलेलं दिसत होतं. रेखा एकदा सहज म्हणाली, “बाकी आपलं डोहाळजेवण मस्त झालं होतं गं,” आणि काकू ताटावरून उठून गेल्या.

गेल्या ऑक्टोबरात वेंडेलचा फोन आला. काजळीचे पुढचे दोन्ही खूर गेले होते, ती चरायलाही फिरत नव्हती. व्हेटचं म्हणणं, आता तिला यातून सोडवायला हवं.

काकू-काका पोचले तेव्हा वेंडेलच्या पिकअपपाशी व्हेट बंदुकीत औषधाची सुई भरत होती. “जवळ येऊ देत नाही ती,” व्हेट म्हणाली. “लांबून डार्ट मारावा लागेल.” सुई लागली की घोडी घाबरून धावणार, हे सगळ्यांनाच कळत होतं. तसल्या पायांनी, दलदलीच्या दिशेने. पाण्यात पडली तर कुणाला पोचताही येणार नव्हतं.

काकू म्हणाल्या, “बंदूक नको. ती माझ्याकडे येईल.”

“तीन वर्षांत कुणाकडे आलेली नाही, मिस रत्ना,” वेंडेल म्हणाला. “तुमच्याकडे का येईल?”

“कारण हाताला तिला मी लावलं. डोहाळजेवणाच्या दिवशी, तुम्ही सगळे गाडीकडे गेल्यावर. मी तिला गूळ दिला. त्याआधी ती कुणाच्या गाडीपाशी गेली नव्हती. कर्टिसचं पोतं नंतरचं. चूक माझी होती, आणि तू त्याला बोलत होतास तेव्हा मी तिथे उभी राहून ऐकत होते.”

वेंडेलने टोपी काढली, आतून बघितली आणि पुन्हा घातली. उल्हासकाका येऊन बायकोच्या शेजारी उभे राहिले. वेंडेल म्हणाला, “त्याच्या आईच्या फ्युनरलला मी गेलो नाही. माझी सख्खी काकू ती.” आवाज चढलेला नव्हता, त्यामुळे ऐकायला जास्त कठीण गेलं. मग व्हेटकडे न बघताच त्याने हात केला, बंदूक ठेव असा. “जा,” तो काकूंना म्हणाला. “बघा येते का.”

काकू गवतातून पुढे गेल्या. चाळीस फुटांवर काजळीने मान वर केली आणि तिचं अंग ताठ झालं. काकू थांबल्या, तिच्याकडे न बघता आडव्या वळल्या आणि दुखऱ्या गुडघ्यांनी कशाबशा वाळूत बसल्या. पंजा उताणा करून मांडीवर ठेवला. त्यात काही नव्हतं. त्या दिवसापासून त्यांनी बेटावर खायला म्हणून बिस्किटसुद्धा आणलं नव्हतं. बसून राहिल्या. वारा होता, डास होते. वीसेक मिनिटं गेली असतील. मग वाळूत पाय ओढल्याचा आवाज आला, थांबला, पुन्हा आला.

ओठ तळव्याला लागले. तिने पूर्ण हात हुंगला, बोटांच्या मधलं हुंगलं, बाही हुंगली. काही नाही हे तिला कळलं. आता जाईल, असं काकूंना वाटलं. ती गेली नाही. एक लांब श्वास सोडून तिने हनुवटी काकूंच्या खांद्यावर टेकली आणि सगळं वजन सोडलं. तीन वर्षांत तिला कुणाला टेकता आलं नव्हतं. काकूंनी तिच्या गालाला गाल लावला आणि आईशी बोलावं तशा वऱ्हाडीत काय काय बोलत राहिल्या, ते त्यांनाही नंतर सांगता आलं नाही.

व्हेट मागून हळूच आली. पहिली सुई मानेत गेली तेव्हा काजळीने फक्त कान हलवला. हळूहळू बसली, मग आडवी झाली, डोकं काकूंच्या मांडीवर. दुसऱ्या सुईनंतर व्हेटने स्टेथोस्कोप लावला आणि काढला. टिलर बेटाचा घोडा म्हणून जगात जे काही होतं ते संपलं. व्हेटने कानाचा छोटा तुकडा कापून डबीत ठेवला. गोठवून ठेवतात, पुढे विज्ञान काही करू शकलं तर, असं म्हणाली. काकूंनी मान डोलावली. डबीत ठेवलेल्या तुकड्यांबरोबर त्यांनी अठ्ठावीस वर्षं काढली होती.

घोडीला पुरायला मोठा खड्डा हवा होता, आणि अख्ख्या गावात खोदायचं मशीन एकाकडेच होतं. वेंडेलने फोन काढला, नंबर शोधायला त्याला वेळ लागला नाही. “कर्टिस,” तो म्हणाला, आणि मग पाठ फिरवून बराच लांब चालत गेला. परत आला तेव्हा डोळे लाल होते. “येतोय,” म्हणाला. “बाकीचं मी त्याला सांगितलेलं नाही, मिस रत्ना. आल्यावर सांगेन.”

“तू नाही,” काकू म्हणाल्या.

त्या उठल्या. उल्हासकाकांनी हात दिला तो त्यांनी धरला, पण रस्त्यापर्यंत गेल्यावर सोडला आणि त्यांना तिथेच थांबायला सांगितलं. पाण्यावरच्या रस्त्याने पिवळं मशीन हळूहळू येत होतं. काकू रस्त्याच्या मधोमध जाऊन उभ्या राहिल्या आणि त्यांनी हात वर केला. कर्टिसने इंजिन बंद केलं, दार उघडलं आणि टोपी काढून खाली उतरला.

“त्या दिवशी तुझ्या गाडीपाशी,” रत्नाकाकू म्हणाल्या, “वेंडेलने बोलायला हवं होतं मला, तुला नाही.”